पहिल्या रांगेतलं हसू

प्रभाकर गेल्याचं कळलं तेव्हा मी बोर्लीच्या बाजारात सुके बोंबील निवडत होतो. फोन उत्सव कमिटीच्या सुरेशचा. "मास्तर, डाक्टर गेले. सकाळीच. मुंबईला." मी "अरे अरे" म्हणालो, कधी, कसं, कुठे असं जे विचारायचं असतं ते विचारलं आणि फोन खिशात टाकून पुन्हा बोंबलांकडे वळलो. समोरची कोळीण माझ्या तोंडाकडे बघत होती. "कोन गेलं, गुर्जी?" "मित्र," मी म्हणालो. तिने माझी पिशवी भरून हातात दिली. रिक्षा स्टँडच्या कट्ट्यावर येऊन बसलो तेव्हा लक्षात आलं, की आपल्याला हलकं वाटतंय. दुःख झालं नाही असं नाही. ते मागून आलं आणि आलं ते अजून मुक्कामाला आहे. पण सगळ्यात आधी जे आलं ते हे होतं, की सुटलो. लहानपणापासूनचा मित्र गेला आणि मास्तर सुटले... त्याच्यावर लेख मागणाऱ्या पुरवणीच्या संपादकांनी "जिव्हाळ्याने लिहा" असं सांगितलं आहे. जिव्हाळ्याने लिहायचं तर मला याच कट्ट्यावरून सुरुवात करायला हवी, कितीही लाज वाटली तरी.

प्रभाकर मनोविश्लेषक होता. आमच्या गावात हा शब्द कुणी उच्चारला नाही. गावाच्या दृष्टीने तो वेड्यांचा डॉक्टर, आणि तोही अर्धाच. कारण तो इंजेक्शन देत नसे, गोळ्या लिहून देत नसे. "सुई न्हाय, गोळी न्हाय, निस्ता ऐकत बसतो. त्यो कसला डाक्टर?" असं आमची मंडळी त्याच्या तोंडावर म्हणायची आणि तो मान डोलावून म्हणायचा, "व्हय, मलाही तोच प्रश्न पडतो." मुंबईत त्याची खोली होती, तिथे एक लांबट कोच होता, त्यावर माणसं आडवी होऊन वर्षानुवर्षं बोलायची आणि हा त्यांच्या डोक्यामागे खुर्ची टाकून बसायचा. मला ही गोष्ट पहिल्यांदा कळली तेव्हा मी खूप हसलो होतो, कारण हे काम तो गावात असतानाच शिकला होता.

आमच्या गावात देवीच्या उत्सवाला नाटक होतं. आजही होतं. भात लावणारी, मुंबईत नोकऱ्या करणारी, कंपनीत पाळ्या करणारी माणसं महिनाभर तालमी करतात. बायकांच्या कामासाठी मुंबईहून एखादी नटी येते, ती प्रयोगाच्या दिवशीच गावात पाय ठेवते आणि सगळं पाठ असल्यासारखी उभी राहते. कपड्यांची पेटी महाडच्या ड्रेपरीवाल्याकडून. प्रभाकरला लहानपणी दोन वाक्यांचं काम दिलं तर तो तीही विसरला, म्हणून त्याला पडद्यामागे पुस्तक घेऊन बसवलं. प्रॉम्प्टर म्हणून तो गावाच्या इतिहासातला सगळ्यात वाईट. नट अडकला की वाक्य पुरवायचं, एवढं साधं काम. पण प्रभाकर वाट बघायचा. त्याला वाटायचं, थोडा वेळ दिला तर याला आपोआप आठवेल. नट घामाघूम, प्रेक्षक खाकरतायत, आणि हा पुस्तकातल्या ओळीवर बोट ठेवून शांत. एकदा सेनापतीचं काम करणाऱ्या तुकारामकाकांनी तलवारीसकट विंगेत येऊन त्याला शिवी घातली होती. "अरं बोल की मेल्या, तोंडात काय गूळ भरलास?" पुढे त्याने तेच पोटापाण्याचं साधन केलं.

मी बोर्लीच्या हायस्कुलात मराठी शिकवली. आता शिकवत नाही, पण मास्तरकी जात नाही. प्रभाकरच्या संगतीने मी त्याच्या विषयावरची दोन-चार पुस्तकं वाचली आणि जिकडेतिकडे अर्थ काढत सुटलो. कवितेत समुद्र आला की मी वर्गात सांगायचो, समुद्र म्हणजे आई. विहीर आली, आई. नदी तर विचारूच नका. हे मी त्याला मोठ्या अभिमानाने सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "समुद्र म्हणजे समुद्र रे, मास्तर. तुझी पोरं रोज बघतात तो. त्याच्याकडे बघताना एखाद्याच्या पोटात काय होतं, ते मला ऐकायला आवडेल. बाकी अर्थ तू परीक्षेत विचार." मला राग आला होता. मी लवकर रागावतो, हे माझ्या ओळखीचे सगळे सांगतील. तो रागावत नसे, आणि त्याचाही मला राग यायचा.

आता माझ्या नाटकाकडे यायला हवं. नोकरीची शेवटची काही वर्षं उरली होती. गावासाठी आपण स्वतः एक नाटक लिहावं असं मनात आलं आणि लिहिलं. नाव सांगत नाही, त्याचीही आता लाज वाटते. गोष्ट साधी : करारी शेतकरी बाप, त्याच्याशी भांडून मुंबईला गेलेला मुलगा, आणि शेवटच्या अंकात मुलगा परततो तेव्हा बाप त्याला पोटाशी धरतो. बापाचं काम मी घेतलं. माझे वडील जाऊन तेव्हा बरीच वर्षं झाली होती. गावात त्यांना गोविंदा म्हणत. ते वाईट नव्हते. त्यांनी मला मारल्याचं आठवत नाही. पण त्यांनी मला जवळ घेतल्याचंही आठवत नाही. एखादी वस्तू द्यायची तर ते हातात देत नसत, तुमच्या बाजूला ठेवून निघून जात. नवी चप्पल, पहिला पिकलेला आंबा, शाळेत न्यायचा डबा... सकाळी उठावं तर खिडकीत डबा ठेवलेला, आणि बाबा केव्हाच शेतावर. मला नोकरी लागली तेव्हा त्यांनी शाईचं पेन आणलं होतं. तेही मला खिडकीतच सापडलं.

त्यांचा एक काळा कोट होता. तरुणपणी काही वर्षं गोदीत काम केलं तेव्हा घेतलेला. लग्न असो, मयत असो, ग्रामसभा असो, मे महिना असो, बाबा त्या कोटात. अख्ख्या पंचक्रोशीला तो कोट माहीत होता. प्रयोगाच्या दिवशी ड्रेपरीवाल्याने माझ्यासाठी काढलेला कोट मी परत केला आणि घरून बाबांचा कोट आणला. अगदी बरोबर बसला. आरशात बघितलं आणि माझं मलाच भरून आलं. वाटलं, आज बाबा रंगमंचावर उभे राहणार, गावाला कळणार की या माणसाच्या आत किती माया होती.

पहिले दोन अंक बरे गेले. तिसऱ्यात मी कोट घालून आलो तेव्हा थोडी कुजबुज झाली, मी तिला दाद समजलो. मुलगा आला. मुलाचं काम वायरमन महेशकडे होतं. मी हात पसरले, त्याला पोटाशी धरलं आणि म्हणालो, "बाळा, तुझ्याविना हे घर मला खायला उठत होतं रे..." मागून कुणीतरी मोठ्याने म्हणालं, "गोविंदानं कधी कोनाला असा धरलान?" आणि मांडव हसला. एक-दोघं नाही, सगळा मांडव, बायका, म्हातारे, सगळे. महेशचं अंग माझ्या मिठीत गदगदत होतं. क्षणभर मला वाटलं पोरगा मन लावून रडतोय, मग कळलं तोही हसतोय. आणि पहिल्या रांगेत, पाहुण्यांच्या प्लास्टिकच्या खुर्चीवर, प्रभाकर. तोंडावर रुमाल धरलेला, डोळ्यांतून पाणी, सगळ्यात जास्त तोच हसत होता. पडदा कसा पडला ते मला आठवत नाही. कोट काढताना एक बटण तुटलं, ते मात्र आठवतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी वाडीत सुपारीला पाणी घालत होतो तेव्हा तो आला आणि विहिरीच्या कठड्यावर बसला. "हसलो त्याची माफी मागायला आलोय," म्हणाला. मी म्हटलं, "गावाला अक्कल नाही हे मी समजू शकतो. तू?" तो म्हणाला, "मी याच गावचा आहे की." एरवी कमी बोलणारा माणूस, पण त्या सकाळी तो बोलला आणि ते बोलणं मला जवळजवळ शब्दाला शब्द आठवतं. "माझ्याकडे आलेल्या माणसाला मी दिसत नाही, म्हणून तो बोलू शकतो. नाटकात तसंच असतं, फक्त उलटं. प्रेक्षक अंधारात असतो, त्याच्याकडे कुणी बघत नसतं, म्हणून त्याच्या आतलं काहीबाही उठून बसतं. तो राजासाठी रडतोय असं शेजारच्याला वाटतं, खरं तर तो त्याच्या धाकट्या भावासाठी रडत असतो. नाटक माणसाची लाज राखतं, वसंता. आपली लाज दुसऱ्याचे कपडे घालून समोर येते, म्हणून आपण तिच्याकडे टक लावून बघू शकतो. काल आम्ही सगळे तेवढ्यासाठीच बसलो होतो आणि समोर आला गोविंदाचा कोट. मग कुठे बघायचं? हसण्यावाचून दुसरं काय करणार?"

"खरेपणा यावा म्हणून घातला," मी म्हटलं. "आणि मिठी?" त्याने विचारलं. "ते नाटक आहे, प्रभाकर!" "मग कोट नाटकातला का नाही घातलास? कोट खरा हवा आणि मिठीही खरी वाटायला हवी... म्हणजे तू..." तो थांबला. मी पाण्याची झारी हातात घेऊन उभा. मला स्वच्छ आठवतं, त्या क्षणी मला धावत सुटावंसं वाटलं होतं. तो उठला, धोतराला लागलेलं शेवाळ झटकलं आणि म्हणाला, "जाऊ दे. तू माझा पेशंट नाहीस. पुढचं मी नाही बोलणार."

त्या "पुढचं"ने माझी पुढची सगळी वर्षं खाल्ली. त्याला काहीतरी दिसलं होतं. दुसऱ्यांच्या मनात उतरण्यात जन्म घालवलेला माणूस, त्याला माझ्यातलं काही दिसणार नाही तर कुणाला? मी त्यानंतर नाटक लिहिलं नाही. उत्सवाला स्वागतगीतं लिहिली, सत्काराची भाषणं लिहिली, एक फार्सही लिहिला, ज्यात कुणाला बाप नव्हता. प्रभाकरने मुंबईची खोली बंद केली आणि तो कायमचा गावी आला तेव्हा मला आनंद झाला आणि धास्तीही वाटली. रोज संध्याकाळी भेटायचो. मी आंब्याच्या मोहोराबद्दल बोलायचो, पंचायतीच्या राजकारणाबद्दल बोलायचो, मधे जागा राहू द्यायची नाही एवढंच बघायचो. जागा राहिली तर तो वाट बघत बसेल, हे मला माहीत होतं. उत्सव जवळ आला की तो एकदा तरी विचारायचा, "लिहितोयस का?" मी म्हणायचो, "बघू."

एकदा आम्ही अलिबागला गेलो होतो, त्याच्या जमिनीच्या कामाला. कोर्टाच्या मागच्या एका हॉलमध्ये चित्रांचं प्रदर्शन लागलं होतं. ऊन फार म्हणून आत शिरलो. बंगलेवाल्यांना आवडतील अशी चित्रं होती, होड्या, माड, मावळता सूर्य. मी प्रत्येकावर शेरा मारत होतो. कोपऱ्यात एक लहान चित्र होतं. खिडकी, खिडकीत एक पितळी डबा, माणूस नाही. बाहेर नुकतं उजाडलेलं. माझ्या पोटात असं काही झालं, की मला भिंतीला हात लावावा लागला. "काय झालं?" प्रभाकरने विचारलं. "काही नाही, मला नाही कळलं हे चित्र," मी म्हणालो आणि बाहेर पडलो. तो मागून बऱ्याच वेळाने आला. आम्ही एसटी स्टँडवर जाऊन भजी खाल्ली आणि मी सगळा वेळ मनात म्हणत होतो, आता बोलेल, आता बोलेल. जन्मभर जिची गोडी लागली त्या कलेपासून मी असा चोरासारखा पळत होतो, कारण शेजारी माझा मित्र उभा होता.

शेवटी आजारपणात त्याला मुंबईला हलवलं त्या दिवशी मी गाडीपाशी गेलो होतो. तो मागच्या सीटवर उशीला टेकून बसला होता, चेहरा एवढासा झालेला. काच खाली करून त्याने माझा हात धरला आणि नुसतं बघत राहिला. मी घाईघाईने म्हणालो, "लवकर ये. या वर्षी आमसुलं चांगली होणारेत." त्याने मान हलवली. गाडी गेली. तो बोलला नाही म्हणून मला बरं वाटलं.

दिवसकार्यं मुंबईला झाली. प्रभाकरच्या पत्नी नलिनी वहिनी गावी परतल्याचं कळल्यावर मी चार दिवस टाळाटाळ केली, मग गेलो. त्या मागच्या खोलीत होत्या. मुंबईचा तो कोच प्रभाकरने टेम्पोतून गावी आणला होता, तो त्याच खोलीत वाडीकडे तोंड करून ठेवलेला. आता त्यावर वहिनींनी कागद पसरून सुपारी टाकली होती. "बसा, भाऊजी," म्हणत त्यांनी अर्धी सुपारी एका बाजूला सारली. मी बसलो. वहिनी कोचामागच्या त्याच्या खुर्चीवर टोपली घेऊन बसल्या आणि कोकमं फोडू लागल्या. मुद्दाम नव्हे, तिथे खिडकीचा उजेड येतो म्हणून. मला त्या दिसत नव्हत्या, सुरीचा आवाज येत होता, समोर माड होते. इकडचं तिकडचं बोलून झालं. मग मी विचारलं, "वहिनी, माझ्या त्या नाटकाबद्दल प्रभाकर तुमच्यापाशी कधी बोलला? त्याला तेव्हा काहीतरी कळलं होतं. मला सांगता सांगता थांबला तो."

"कळलं होतं?" वहिनी म्हणाल्या. "अहो, ह्यांना कुठे काय कळलं होतं! मी विचारलं ना त्याच दिवशी, काय सांगायचं थांबलात म्हणून. तर म्हणाले, मला ठाऊक नाही. काहीतरी आहे एवढं दिसलं, काय ते वसंतालाच ठाऊक. तो सांगेल तेव्हा कळेल. दर उत्सवाला म्हणायचे बघा, आज वसंता सांगेल बहुतेक. फार उत्सुकता होती त्यांना."

इतकी वर्षं मी ज्याला भीत होतो ते त्याच्यापाशी नव्हतंच. माझी फाईल कुठेही लिहून ठेवलेली नव्हती. तो फक्त ऐकायला बसला होता, आणि मी रोज संध्याकाळी त्याच्या कानात आंब्याचा मोहोर भरत होतो. माझे कान तापले. या वयात लाजेने कान तापतात हे मला ठाऊक नव्हतं... मग मी समोरच्या माडांकडे बघत बोललो. बोलायचं ठरवलं नव्हतं. "वहिनी, मला बाबांनी कधी जवळ घेतलं नाही. मी लोकांना सांगायचो, बाबांना मोठं करायला नाटक लिहिलं. तसं नव्हतं ते. मला ती मिठी हवी होती. त्यांचा कोट घालून मीच मला पोटाशी धरलं, पन्नाशी उलटलेला बाप्या, सगळ्या गावासमोर. लोकांना ते दिसलं म्हणून ते हसले. आणि अजूनही हवीय मला, या वयात. अजून सकाळी उठलो की पहिलं लक्ष खिडकीकडे जातं."

सुरीचा आवाज थांबला होता. वहिनींनी सांत्वन केलं नाही, पाणी आणायला उठल्या नाहीत. मागून आवाज आला, "मग तेच का नाही लिहिलंत नाटकात?"

"बाप डबा खिडकीत ठेवतो आणि जातो," वहिनी म्हणाल्या, "आणि मुलगा उठून बघतो. एवढंच दाखवायचं. मी बघितलं असतं."

"आता लिहितो," मी म्हणालो.

"आणि बापाचं काम?"

"कुणालाही देऊ. महेशला देऊ, आता पोट सुटलंय त्याचं. कोट महाडचा आणू. मुलाचं काम मी करीन."

"तुम्ही?" आता मात्र वहिनी उठून पुढे आल्या. हात कोकमांनी लाल. "सत्तरीला आलात, भाऊजी. लोक हसतील."

"हसतील," मी म्हणालो. "पण पहिल्या रांगेत बसून हसायला तो नाही हो, वहिनी..." आणि तो गेल्यापासून पहिल्यांदा मी रडलो, त्याच्या कोचावर, वहिनींच्या सुपारीत.